बीव्हर आणि त्याने अडवलेले पाणी

पाणओढ (धागालेखक)

बीव्हरविषयी मराठीत लिहायला बसले की पहिली अडचण नावाचीच येते. या प्राण्याला मराठीत स्वतःचे नाव नाही आणि भाषांतरांत त्याच्या जागी ‘पाणमांजर’ हा शब्द घातलेला अनेकदा वाचनात येतो. पाणमांजर हा मासे मारून खाणारा शिकारी आहे. बीव्हर मात्र उंदीर, खार आणि साळिंदर यांच्या गणातला, कुरतडून खाणारा आणि निव्वळ वनस्पतींवर जगणारा प्राणी आहे. तो मासे खात नाही, हे सुरुवातीलाच सांगून ठेवतो, कारण त्याच्यावर घेतले जाणारे काही आक्षेप या एकाच गैरसमजातून निघतात.

गेली काही वर्षे मी या प्राण्याविषयी मिळेल ते वाचत आलो आहे. प्रारंभ निव्वळ कुतूहलाने झाला. पुढे एक विचार मनात घर करून बसला आणि त्यासाठीच हा धागा काढत आहे. ओढा म्हटले की दोन काठांमधून सरळ वाहत जाणारा एक प्रवाह आपल्या डोळ्यांसमोर येतो. उत्तर अमेरिका आणि युरोप येथील असंख्य लहान ओढे मात्र शेकडो वर्षांपूर्वी तसे नव्हते. ते जागोजागी थांबत, काठाबाहेर पसरत, त्यांना फाटे फुटत, आणि तळी, दलदली व ओली कुरणे यांच्या माळेतून ते हळूहळू खाली उतरत. त्यांना तसे ठेवणारा प्राणी मारला गेला, बांध फुटले, साचलेले पाणी निघून गेले, आणि त्यानंतर जे उरले त्यालाच पुढच्या पिढ्या नैसर्गिक ओढा म्हणू लागल्या.

आज बीव्हरच्या दोनच जाती शिल्लक आहेत. उत्तर अमेरिकेतील कॅस्टर कॅनाडेन्सिस आणि युरोप-आशियातील कॅस्टर फायबर या दोन्ही दिसायला इतक्या सारख्या आहेत की फिनलंडमध्ये १९३७ साली त्या एकच समजून अमेरिकी बीव्हर आणून सोडले गेले आणि आज त्या देशात दोन्ही जाती आढळतात. प्रत्यक्षात अमेरिकी बीव्हरची गुणसूत्रे ४० आणि युरोपीय बीव्हरची ४८ असल्यामुळे त्यांचा संकर होत नाही. पूर्ण वाढलेला बीव्हर साधारण १६ ते ३० किलो भरतो. कृंतकांमध्ये, म्हणजे कुरतडून खाणाऱ्या प्राण्यांच्या गणात, त्याच्याहून मोठा एकच, दक्षिण अमेरिकेतील कॅपिबारा.

त्याच्या शरीरात पाण्याखाली राहण्याची एवढी तयारी आहे की ती सविस्तर सांगण्याचा मोह आवरत नाही. पाण्यात शिरताच नाकपुड्या आणि कान झडपेसारखे मिटतात, डोळ्यांवर पारदर्शक पडदा ओढला जातो, आणि ओठ पटाशीच्या दातांच्या मागे मिटत असल्यामुळे तोंडात पाणी न जाता त्याला पाण्याखालीही फांदी कुरतडता येते. गरज पडल्यास तो सुमारे १५ मिनिटे श्वास रोखू शकतो. मागच्या पायांची बोटे पडद्याने जोडलेली असतात आणि त्यांतल्या एका बोटाची नखी दुभागलेली असते, जिचा तो कंगव्यासारखा उपयोग करतो. केस विंचरणे ही त्याची हौस नाही. अंगावरची दाट लव सतत साफ करून तिला तेल लावले नाही, तर ती पाणी धरते आणि गारठ्याने प्राण जाऊ शकतो. पटाशीचे दात नारिंगी दिसतात, कारण त्यांच्या पुढच्या कवचात लोह असते. पुढचा थर कठीण आणि मागचा मऊ असल्यामुळे मागची बाजू लवकर झिजते आणि पुढची धार आपोआप पाजळली जाते. हे दात जन्मभर वाढत राहतात.

शेपटीविषयी एक समज फार पसरलेला आहे, की बीव्हर तिच्यावर चिखल वाहून नेतो किंवा तिने चिखल थापतो. तसे तो करत नाही. चिखल आणि दगड तो पुढच्या पायांनी हनुवटीशी धरून नेतो. शेपटी ही पोहताना सुकाणू, झाड कापताना मागचा टेकू, हिवाळ्यासाठी चरबीचे कोठार आणि धोक्याची सूचना देण्याचे साधन आहे. पाण्यावर तिचा सपाटा बसला की आवाज लांबवर जातो आणि सगळे कुटुंब बुडी मारते.

कुटुंब हा शब्द मी मुद्दाम वापरत आहे. नर-मादीची जोडी सहसा वर्षानुवर्षे टिकते. हिवाळ्याच्या उत्तरार्धात समागम, सुमारे साडेतीन महिन्यांचा गर्भकाळ, आणि उन्हाळ्याच्या तोंडावर बहुधा दोन ते चार पिल्ले, असा क्रम असतो. पिल्ले उघड्या डोळ्यांनी आणि अंगावर लव घेऊन जन्मतात. त्यांना पोहता लवकर येते, पण अंग इतके हलके आणि फुगीर असते की बुडी मारता येत नाही, आणि घराची वाट तर पाण्याखालून असते. म्हणून पहिले काही आठवडे ती आतच राहतात. आदल्या वर्षीची भावंडे त्यांच्यासाठी पाला आणून देतात. दोन वर्षांची झाली की ती घर सोडून स्वतःच्या पाण्याच्या शोधात निघतात, आणि बीव्हरच्या आयुष्यातला हाच सर्वांत धोक्याचा काळ असतो.

बांध तो अन्नासाठी घालत नाही आणि प्रत्येक बीव्हर बांध घालतो असेही नाही. खोल नदीच्या काठाला बीळ खणून राहणारे बीव्हर बांधाच्या वाटेला जात नाहीत. पाणी उथळ असेल तरच तो ते अडवतो, कारण घराचे दार पाण्याखाली राहिले पाहिजे. ते उघडे पडले की लांडगा आणि अस्वल यांना आत शिरायची वाट मिळते. थंड प्रदेशात आणखी एक कारण असते: तळे तळापर्यंत गोठू नये एवढी खोली हवी. बीव्हर शीतनिद्रा घेत नाही. शरद ऋतूत तो हिरव्या फांद्या आणून घराजवळ तळाच्या चिखलात खोचून ठेवतो आणि वर बर्फाची लादी जमल्यावर महिनोन्महिने त्या फांद्यांची साल खाऊन राहतो. बर्फाखाली दिवस-रात्रीचा उजेड पोहोचत नाही, त्यामुळे या काळात त्याच्या झोपेजागेचे चक्र २४ तासांहून लांब होते.

माणसाने त्याला मारले ते मुख्यतः टोपीसाठी. बीव्हरच्या आतल्या लवेच्या तंतूंना सूक्ष्म आकडे असतात आणि त्यामुळे तिचा नमदा घट्ट, हलका व पाण्याला न दबणारा होतो. युरोपात अशा टोप्यांना मागणी आली, युरोपातले बीव्हर संपत आले आणि मग व्यापार उत्तर अमेरिकेकडे वळला. हडसन्स बे कंपनीची सनद १६७० सालची आहे, आणि तिच्या व्यापाराचा कणा बीव्हरचे कातडे हाच होता. त्याच्या शेपटीजवळच्या पिशव्यांतील कॅस्टोरियम हा उग्र वासाचा पदार्थ औषधात आणि अत्तरात वापरला जात असे. त्यासाठीही तो मारला गेला. १९०० सालाच्या सुमारास युरोप-आशिया मिळून अवघे १,२०० बीव्हर आठ विखुरलेल्या ठिकाणी उरले होते. उत्तर अमेरिकेत युरोपीय येण्यापूर्वी त्यांची संख्या किमान ६ कोटी असावी असा अंदाज केला जातो. आज ती १ ते दीड कोटीच्या घरात मानली जाते.

पुनरागमनही तितकेच विलक्षण आहे. नॉर्वेने १८४५ साली त्याला संरक्षण दिले आणि तिथे तग धरून राहिलेल्या बीव्हरांपैकी काही १९२२ साली स्वीडनमध्ये नेऊन सोडले गेले. जर्मनीतील बव्हेरियात १९६६ पासून त्यांना परत आणले गेले. स्कॉटलंडमधील नॅपडेल येथे २००९ साली प्रयोग सुरू झाला. आज युरोपीय बीव्हरची संख्या दहा लाखांच्या पुढे गेलेली आहे. मला चर्चा करायची आहे ती यानंतरच्या प्रश्नाची: प्राणी परत आला, पण त्याला पाणी पसरवायला जागा कोण देणार?

खडकवाट

लेख मन लावून वाचला. एक शंका विचारतो. बांध घालणे हे बीव्हर आईवडिलांकडून शिकतो की ते उपजत असते? इतकी मोठी रचना केवळ उपजत प्रेरणेने उभी राहते, हे पटायला जड जाते.

पाणओढ

आपली शंका फार योग्य जागी आहे. स्वीडिश संशोधक लार्स विल्सन यांनी १९६० च्या दशकात नेमके हेच तपासले. त्यांनी बीव्हरची पिल्ले आईवडिलांपासून दूर वाढवली, त्यामुळे त्यांनी बांध कधी पाहिलाच नव्हता. तरीही संधी मिळताच त्यांनी बांध घातला. पुढे विल्सन यांनी वाहत्या पाण्याचा ध्वनिमुद्रित आवाज ऐकवून पाहिला, तेव्हा पाणी जिथे वाहतच नव्हते अशा जागी, आवाज येणाऱ्या ध्वनिवर्धकापाशी, बीव्हर काटक्या रचू लागले. म्हणजे खळखळ ऐकू आली की ती बुजवायची, ही ओढ जन्मजात आहे.

पण एवढ्यावर विषय संपत नाही. बांध कुठे घालावा, दगड तळाशी किती वापरावेत, लाकूड लांबून आणायचे असेल तर चर खणून तो पाण्याने भरावा आणि ओंडके त्यातून तरंगत आणावेत, यांत जागेगणिक इतका फरक दिसतो की अनुभवाचा वाटा नाकारता येत नाही. अनुभवी जोडीचा बांध आणि पहिल्यांदा घर मांडणाऱ्या तरुण जोडीचा बांध यांच्या टिकाऊपणातही फरक असतो. माझ्या मते प्रेरणा उपजत आणि हातोटी कमावलेली, असे म्हणणे वस्तुस्थितीला अधिक धरून होईल.

आकाराविषयी सांगायचे तर आजवर माहीत असलेला सर्वांत लांब बांध कॅनडाच्या वुड बफेलो राष्ट्रीय उद्यानात आहे. तो पाऊण किलोमीटरहून लांब आहे आणि २००७ साली तो प्रथम लक्षात आला तो उपग्रहचित्रांत, कारण दलदलीमुळे तिथे माणूस सहसा पोहोचतच नाही. टिकाऊपणाचे उदाहरण मला त्याहून मोलाचे वाटते. लुईस हेन्री मॉर्गन यांनी १८६८ साली मिशिगनमधील एका प्रदेशातील बीव्हरचे बांध आणि तळी नकाशावर नोंदवली होती. सुमारे दीड शतकानंतर त्याच जागा पुन्हा तपासल्या गेल्या, तेव्हा त्यांतील बहुसंख्य बांध व तळी ओळखता आली. एका पिढीने सोडलेला बांध पुढची कोणती तरी पिढी येऊन दुरुस्त करते.

काठावरची

मी अभ्यासक नाही, परंतु ओंटारिओतील अल्गोनक्विन उद्यानात एका संध्याकाळी जवळजवळ दोन तास एका तळ्याकाठी बसून जे पाहिले ते इथे लिहावेसे वाटते.

प्रथम दिसली ती पाण्यावरची इंग्रजी व्ही अक्षरासारखी रेघ. तिच्या टोकाला फक्त नाक, डोळे आणि कान. तो प्राणी माझ्यापासून दहा-बारा पावलांवर काठाला लागला, बाहेर आला आणि बराच वेळ नुसता हवा हुंगत राहिला. जमिनीवर तो अगदी अवघडलेला वाटतो, पाठ कमानीसारखी आणि चाल डुलत. मग तो एका ॲस्पेनच्या बुंध्याशी मागच्या पायांवर उभा राहिला, शेपूट मागे टेकवली, मान आडवी केली, वरचे दात सालीत रोवले आणि खालच्या दातांनी लाकूड खरवडायला लागला. दोन खाचा, एक वर आणि एक खाली, आणि मधला तुकडा ओढून काढायचा, असा त्याचा क्रम होता. पायाशी पडणारे ढलपे माझ्या बोटाएवढे लांब होते आणि प्रत्येकावर दातांच्या दोन समांतर खाचा स्पष्ट दिसत होत्या. मधूनमधून तो थांबून कान देत असे.

ते झाड त्या संध्याकाळी पडले नाही. तो पाण्यात परतला, एक बारीक फांदी दोन्ही पुढच्या पायांत धरून मक्याचे कणीस फिरवावे तशी फिरवत तिची साल त्याने भराभर खाल्ली आणि उरलेली पांढरी काडी बांधाकडे घेऊन गेला. खाऊन उरलेले लाकूडच बांधाला लावले जाते, हे मला तोवर माहीत नव्हते. अंधार पडता पडता त्यांच्या कुटीच्या, म्हणजे काटक्यांच्या घराच्या, आतून बाळाच्या कुरकुरीसारखा बारीक आवाज येऊ लागला. मी जरा सरकले, पायाखाली काडी मोडली, आणि पाण्यावर शेपटीचा असा फटका बसला की मी दचकून उठले. त्यानंतर काहीही दिसले नाही.

पाणओढ

काठावरची, आपण लिहिलेला कुरकुरीचा आवाज पिल्लांचाच असणार. आतल्या पिल्लांचा आवाज कुटीबाहेर सहज ऐकू येतो. कुटीच्या माथ्यावर काटक्या विरळ ठेवून हवा खेळती राहील अशी जागा सोडलेली असते. आवाज बाहेर येतो, तशी कडाक्याच्या थंडीत त्याच जागेतून आतल्या श्वासांची वाफ वर येताना दिसते, आणि त्यावरून कुटीत कोणी आहे की ती सोडलेली आहे हे ओळखता येते.

शेवाळ

धाग्यातील आस्था पोहोचली, परंतु दुसरी बाजूही त्याच गांभीर्याने मांडली जावी असे मला वाटते. माझे काम पाणी वाहून नेणाऱ्या रचनांशी संबंधित आहे. रस्त्याखालच्या मोरीचे तोंड बीव्हरने बुजवले की पाणी भरावावर चढते आणि एका रात्रीत रस्ता वाहून जाऊ शकतो. सपाट प्रदेशात पाटाची पातळी हातभर वाढली तरी कित्येक एकर शेत पाण्याखाली जाते, आणि पूररक्षक बांधांत त्याने बिळे खणली तर प्रश्न थेट माणसांच्या जिवाचा होतो. ज्याचे शेत बुडते त्याला भूजल वाढले हे सांगणे मला कधीच न्याय्य वाटलेले नाही.

दुसरा मुद्दा तिएरा देल फुएगोचा. दक्षिण अमेरिकेच्या टोकाला अर्जेंटिनाने १९४६ साली कातड्याच्या धंद्यासाठी कॅनडातून २० बीव्हर आणून सोडले. आज त्यांची संख्या लाखाच्या घरात सांगितली जाते, ते चिलीच्या मुख्य भूमीपर्यंत पोहोचले आहेत, आणि ओढ्याकाठची लेंगा या स्थानिक झाडाची जंगले उभ्या उभ्या वाळली आहेत. मग हा प्राणी उपकारकच आहे असे सरसकट कसे म्हणता येईल?

पाणओढ

शेवाळ, आपले दोन्ही मुद्दे मला मान्य आहेत आणि ते मी लेखातच घ्यायला हवे होते.

तिएरा देल फुएगोचे उदाहरण माझ्या म्हणण्याला छेद देण्याऐवजी त्याला अधिक नेमके करते. उत्तर अमेरिकेतील ॲस्पेन, पॉपलर आणि विलो ही झाडे लाखो वर्षे बीव्हरसोबत वाढली आहेत. बुंधा कापला तरी मुळांतून किंवा खोडातून त्यांना नवे धुमारे फुटतात आणि ओल्या मातीत ती फोफावतात. लेंगाला ही सवय नाही. ती कापली की पुन्हा फुटत नाही आणि मुळांशी पाणी साचले की मरते. तिथे बीव्हरला आवर घालणारा लांडगाही नाही, अस्वलही नाही. म्हणून अर्जेंटिना आणि चिली यांनी २००८ साली त्याच्या उच्चाटनाचा करार केला तो मला योग्य वाटतो. बीव्हरचे संवर्धन त्याच्या मूळ प्रदेशातच अर्थपूर्ण आहे.

नुकसानीविषयी. बव्हेरियात प्रशिक्षित बीव्हर-सल्लागार आहेत, जे तक्रार येताच शेतावर जाऊन पाहतात. नुकसानभरपाईसाठी राज्याचा निधी आहे. आणि जिथे काहीच उपाय चालत नाही तिथले बीव्हर पकडले किंवा मारलेही जातात. ही व्यवस्था भावनिक नाही आणि म्हणूनच टिकली आहे. मोऱ्यांसाठी जाळीचे कुंपण घातले जाते, पण ते मोरीला चिकटून नसते; पुढे रुंद होत जाणाऱ्या आकारात ते ओढ्यात आणले जाते. बीव्हरची प्रवृत्ती प्रवाहाला आडवा बांध घालण्याची असल्यामुळे, कुंपणाच्या तिरप्या कडेने बांधत जाताना तो मोरीपासून दूर ढकलला जातो आणि काम अर्धवट सोडतो. तळ्याची पातळी ठरावीक ठेवायची असेल तर बांधातून एक नळ घालतात आणि त्याचे आतले तोंड तळ्यात दूरवर, पाण्याखाली, तारेच्या पिंजऱ्यात ठेवतात. पाणी कुठून निघून जाते हे बीव्हरला ऐकू येत नाही आणि स्पर्शालाही जाणवत नाही, म्हणून ते बुजवावे असे त्याला वाटत नाही. विल्सन यांच्या प्रयोगांतून जे कळले त्याचाच हा व्यवहारातला उपयोग आहे. झाडे वाचवायला बुंध्याभोवती जाळी गुंडाळणे पुरते.

पानगळ

वणव्यांचा विषय अजून आलेला नाही, म्हणून लिहिते. एमिली फेअरफॅक्स आणि अँड्र्यू व्हिटल यांनी २०२० साली अमेरिकेच्या पश्चिम भागातील मोठ्या वणव्यांत सापडलेल्या ओढ्यांची उपग्रहचित्रे तपासली. बीव्हरचे बांध नसलेल्या ओढ्यांकाठी हिरवाईची जी हानी झाली ती बांध असलेल्या ओढ्यांच्या तुलनेत तिपटीहून अधिक होती. कारण समजायला सोपे आहे: बांधामुळे पाणी आजूबाजूच्या मातीत मुरते, कालव्यांतून आणखी दूर जाते, आणि आग येते तेव्हा तिथली झाडे मुळापासून ओली असतात. चहूकडे राख आणि मधोमध हिरवा पट्टा, अशी ती चित्रे आहेत, आणि तो पट्टा जनावरांना आसरा ठरतो.

दुष्काळाचीही अशीच नोंद आहे. कॅनडातील एल्क आयलंड राष्ट्रीय उद्यानातील ५४ वर्षांच्या नोंदी ग्लिनिस हूड आणि सुझॅन बेली यांनी पडताळल्या. त्याच जागी बीव्हर नसतानाच्या काळाशी तुलना करता, ते असताना उघड्या पाण्याचे क्षेत्र नऊपट होते.

आयडाहोची हकिकतही इथे सांगण्याजोगी आहे. १९४८ साली वस्तीला त्रासदायक ठरलेले बीव्हर दुर्गम डोंगरात नेताना ते उष्म्याने मरत, म्हणून राज्याच्या वन्यजीव खात्यातील एल्मो हीटर यांनी महायुद्धातून उरलेल्या हवाई छत्र्यांना जमिनीवर टेकताच उघडणाऱ्या पेट्या बांधल्या आणि ७६ बीव्हर विमानातून खाली सोडले. एक दगावला, बाकीचे सुखरूप उतरले आणि तिथे वसले. त्या काळातही, मारण्याऐवजी हलवावे असे सरकारी खात्यातील कोणाला तरी वाटले, याचे मला अप्रूप वाटते.

खडकवाट

माशांचे काय? बांधामुळे सॅमनची वाट अडते, अशी तक्रार मी वाचली आहे.

पाणओढ

कमी पाण्याच्या वर्षी, अरुंद ओढ्यात, मासे काही काळ अडकतात हे खरे आहे. परंतु बांध ही सिमेंटची भिंत नव्हे. त्यातून पाणी झिरपते, कडेने फाटे फुटतात, आणि पूर आला की मासे वरून वा बाजूने जातात. हे मासे आणि बीव्हर एकाच ओढ्यांत फार पूर्वीपासून एकत्र नांदत आले आहेत.

ओरेगनमधील ब्रिज क्रीकचे काम याबाबतीत मला फार महत्त्वाचे वाटते. तो ओढा तळ कापत इतका खोल गेला होता की पुराचे पाणी काठाबाहेर पसरूच शकत नव्हते. सगळा जोर बीव्हरच्या बांधांवर येई आणि ते वर्षभरही टिकत नसत. संशोधकांनी ओढ्याच्या तळात लाकडी खुंट ठोकून, त्यांत फांद्या विणून, शंभराहून अधिक आधार उभे केले. बीव्हरांनी ते स्वीकारले आणि त्यांवर बांधकाम चालू ठेवले. गाळ साचून तळ वर आला, पाणी पुन्हा काठाबाहेर पसरले, आणि २०१६ साली प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांत स्टीलहेड या संकटग्रस्त माशाच्या पिल्लांची संख्या आणि जगण्याचे प्रमाण दोन्ही वाढल्याचे दिसले. संथ, खोल पाण्यात त्यांना अन्न आणि आडोसा मिळतो.

खरे सांगायचे तर मला अधिक चिंता वाटते ती उत्तरेकडची. हवामान तापत असल्यामुळे अलास्काच्या टुंड्रात झुडपे वाढत आहेत आणि बीव्हर तिकडे सरकत आहेत. पश्चिम अलास्कात उपग्रहचित्रांवरून त्यांची अकरा हजारांहून अधिक तळी मोजली गेली आणि बहुतेक भागांत दोन दशकांत ती दुप्पट झाली आहेत. तळ्याचे पाणी खालच्या कायम गोठलेल्या जमिनीला ऊब देते आणि ती वितळू लागते. तिथे काय करावे याचे उत्तर दक्षिणेकडच्या अनुभवातून काढता येणार नाही, आणि तिथल्या नद्यांवर पिढ्यान्पिढ्या जगणाऱ्या आदिवासी समाजांचे म्हणणे आधी ऐकले पाहिजे असे माझे मत आहे.

पानगळ

इंग्लंडमधील ऑटर नदीचा उल्लेख राहिला. तिथे मोकळ्यावर राहणारे बीव्हर आढळल्यावर शासनाने त्यांना हलवायचे ठरवले होते, स्थानिक रहिवाशांनी विरोध केला, रोगाची तपासणी झाली आणि २०१५ ते २०२० अशी पाच वर्षे रीतसर प्रयोग चालला. त्यानंतर त्यांना राहू देण्यात आले. स्कॉटलंडमध्ये १ मे २०१९ पासून आणि इंग्लंडमध्ये १ ऑक्टोबर २०२२ पासून बीव्हरला कायदेशीर संरक्षण आहे.

शेवाळ

उत्तरे प्रामाणिक आहेत, त्याबद्दल आभार. बांधातून घालायच्या नळाविषयी मात्र एक व्यावहारिक प्रश्न उरतो. कोणतीही जाळी पाण्यात ठेवली की तिच्यावर पाला आणि शेवाळ साचणारच. पहिल्या वर्षी उपकरण उत्तम चालते आणि तिसऱ्या वर्षी कोणी फिरकत नाही, असे आमच्या कामात वारंवार होते. ही देखभाल कोणाकडे असते?

पाणओढ

अनेक ठिकाणी ती ठरलेली नसते आणि त्यामुळेच काही उपकरणे निकामी होतात. पिंजरा मोठा असेल आणि त्याची जाळी रुंद विणीची असेल तर पाला कमी अडकतो, परंतु वर्षातून काही वेळा कोणी तरी पाण्यात उतरून तो मोकळा करावाच लागतो. जिथे ही व्यवस्था नीट चालते तिथे नळ बसवतानाच लेखी करार होतो: जमीनमालक पाण्याची पातळी पाहील, ती ठरलेल्या खुणेवर गेली की सल्लागाराला कळवेल, आणि जाळी साफ करण्याचा खर्च भरपाईच्या निधीतून किंवा रस्त्याच्या देखभालीच्या तरतुदीतून निघेल. ती खूण बहुधा एक साधा खुंट असतो, काठाजवळ ठोकलेला आणि वरच्या टोकाला रंग दिलेला. पाणी रंगाला लागले की फोन करायचा.